बोडणात हात असताना

"आज तो विषय काढायचा नाही हं, देवू."

देवासची टेकडी दिसायला लागली तसं मयुरेशनं गाडी चालवता चालवता आरशातून मागे बघत पुन्हा बजावलं. धारहून निघाल्यापासून त्याचं हेच चाललं होतं. फक्त पीथमपुरच्या फाट्याशी कंपनीची शिफ्टबस शेजारून गेली, तेव्हा तेवढा गप्प होता.

"आत्याच्या घरचं कार्य आहे. सार्थकच्या लग्नाचं बोडण. त्यात केस, कोर्ट नको. आतोबांमुळे तुला ती नोकरी..."

"लागली. आणि गेली कोणामुळे, ते कोण सांगणार?"

पुढच्या सीटवर देवश्रीचे सासरे, तात्या, खाकरले. चिऊ आजीच्या मांडीवर झोपली होती. दुर्गाबाई तिच्या केसांतून बोटं फिरवत खिडकीबाहेर बघत राहिल्या. सासूबाई मुद्दाम बाहेर बघतात तेव्हा त्यांची मान ताठ होते, हे देवश्रीनं लग्नानंतरच्या पहिल्याच वर्षात हेरलं होतं. आत्ताही ती ताठ होती.

कंपनीचा जवाब गेल्या आठवड्यात आला होता आणि तो देवश्रीला पाठ झाला होता. प्रोबेशनच्या काळातली कामगिरी समाधानकारक आढळली नाही, सबब सेवा समाप्त. कर्मचारी गरोदर असल्याची कंपनीस कोणतीही माहिती नव्हती, कर्मचाऱ्यानं तसं कधीही कळवलं नाही.

कळवलं नव्हतं, हे खरंच होतं. दुसरा महिना लागल्या लागल्या तिनं मेल लिहून तयार ठेवली होती. सासूबाई म्हणाल्या, तीन महिने पुरे होईपर्यंत वाच्यता करायची नाही, आपल्यात करत नाहीत. चिऊनंतर एक गेलं होतं, तेव्हा सगळ्यांना आधी सांगून झालं होतं. एमएस्सी मायक्रोबायोलॉजी झालेल्या देवश्रीनं ती मेल तशीच ठेवून दिली. भीतीपुढे डिग्री चालत नाही.

आणि तरीही ऑर्डर हातात देताना एचआरचा तो अर्पित म्हणाला होता, "मैडम, अब घर पे आराम कीजिए. ऐसे टाइम में इतनी दौड़-भाग ठीक नहीं."

कैसे टाइम में? तेव्हा पोट दिसतही नव्हतं. लॅबमध्ये ती एकदासुद्धा बेसिनकडे धावली नव्हती. वकीलबाईंनी ते वाक्य दोनदा वदवून घेतलं आणि पेन खाली ठेवलं. "हे बघा, प्रोबेशनवरच्या माणसाला काम पसंत नाही म्हणून काढता येतं. पण कागदावर एक कारण आणि मनात दुसरं असेल, तर कोर्ट कागद बाजूला सारून खालचं बघतं. आणि गरोदर आहे म्हणून कोणालाच काढता येत नाही, प्रोबेशन असो की नसो. फक्त त्यांना माहीत होतं, हे सांगणारा माणूस आणा. तुमच्या घरातून ते कोणीतरी तिथवर पोचवलंय."

घरात तिनं एकेकाला विचारलं. मयुरेश म्हणाला, वेडी आहेस का. तात्या म्हणाले, मला बायकांच्या गोष्टी कोण सांगतं. सासूबाई म्हणाल्या, मी कशाला बोलू?

आत्यांच्या, म्हणजे पोंक्ष्यांच्या घरात पुरणाचा वास भरला होता. कल्पनाआत्यांनी देवश्रीला दारातच जवळ घेतलं. "किती सुकलीस गं! सहावा नं? खाली बसून काही करायचं नाही. सगळं हातात मिळेल." आत्या मायाळूच होत्या. पण आज त्यांचं बोलणं जरा जास्तच भरभर चाललं होतं.

समोरच्या खोलीत आतोबा, म्हणजे भास्करराव, वाटच बघत होते. पाणीसुद्धा होऊ दिलं नाही त्यांनी.

"ये, देवश्री, बस. तात्या, तुम्हीही ऐका. वरच्यांशी बोललोय मी. केस मागे घेतली तर कंपनी चांगलं एक्सपीरियन्स लेटर देते. कामगिरी उत्तम, स्वखुशीनं सोडली वगैरे. बाळंतपण झालं की दुसरीकडे लाग तू. पीथमपुरात काय एकच कंपनी आहे?"

मयुरेशनं तिच्याकडे पाहिलं. विषय कोणी काढला, बघ.

"म्हणजे कामगिरी उत्तम होती तर," देवश्री म्हणाली.

"अगं, लिहायचं तसं."

"आणि कोर्टात खराब होती, तेही लिहायचं तसंच? आतोबा, माझ्या एका रिपोर्टवर कधी शेरा आला नाही. रात्रपाळी केली. चिऊला ताप असताना केली. कन्फर्मेशनचं चहापाणी कधी, असं लॅबमधल्या पोरी विचारत होत्या."

"बेटा, प्रोबेशन म्हणजे काय? ट्रायल. साडी दुकानातून घरी आणतो, नाही आवडली तर परत करतो. दुकानदार भांडतो का?"

"मी साडी नाही, आतोबा."

"देवू," मयुरेश म्हणाला.

"तू थांब. साडी परत करतानासुद्धा कारण खरं सांगतात. रंग आवडला नाही म्हणतात. आमच्याकडे आणली आणि उसवली, असं खोटं नाही लिहून देत!"

तात्यांनी छताकडे पाहिलं. तीस वर्षं शाळेत हेडमास्तरकी केलेला माणूस. भांडण आलं की दोघांनाही अंगठे धरायला लावायचे, हा त्यांचा न्याय. "देवश्री, लेटर चांगलं मिळतंय तर घ्यावं. कोर्टात पोर मोठं होतं, केस तिथंच असते. आणि भास्कररावांचाही विचार कर. त्यांच्याच कंपनीवर आपण दावा लावलाय. त्यांना तिथं रोज तोंड दाखवायचंय."

"मला कुठंच तोंड दाखवायचं नाही का, तात्या?"

आतून हाक आली. "चला गं, बसायचंय. दार लावायचंय. पुरुषमाणसं बाहेरच थांबा."

*

दुर्गाबाईंनी हात कोपरापर्यंत धुतले.

आतल्या खोलीच्या खिडक्या लावल्या होत्या. मधोमध मोठी पितळी परात, तिच्यात अन्नपूर्णा, भोवती कणकेचे दिवे. बोडण पुरुषांच्या नजरेला पडत नाही. चार सवाष्णी आणि एक कुमारिका. वन्सं, म्हणजे कल्पना, नवी सून वैष्णवी, शेजारच्या सरवटेताई आणि दुर्गाबाई स्वतः. कुमारिका चिऊ, परकराचा घोळ सावरत पाटावर देवी होऊन बसली होती. पोटुशीनं परातीत हात घालायचा नाही अशी पोंक्ष्यांची रीत, म्हणून देवश्री दाराशेजारी स्टुलावर बसली. वाट्या हातात द्यायचं काम तिच्याकडे.

"वैष्णवी, ऐकून ठेव," कल्पना म्हणाली. "एकदा हात घातला की कुमारिका पुरे म्हणेपर्यंत बाहेर काढायचा नाही. ती मागेल ते परातीत पडलं पाहिजे. आणि आपल्या घरी एक आहे, बोडणात हात असताना तोंडून 'नाही' काढायचं नाही. देवीला नाही म्हटल्यासारखं होतं."

"मतलब कुछ भी पूछें तो भी?" वैष्णवी इंदूरची. मराठी समजायची, बोलताना अडायची.

"कोणी काही विचारतच नाही गं. कालवायचं नि गप्प बसायचं."

पुरण पडलं, दूध पडलं, दही, तूप, मध, साखर. आठ हात एकमेकांत मिसळले. त्या गार, बुळबुळीत काल्यात दुर्गाबाईंच्या बोटांना कल्पनाच्या अंगठ्या लागत होत्या.

"अजून दूध," चिऊ म्हणाली.

देवश्रीनं तांब्या वाकवला. तिचे डोळे लाल होते. बाहेरचं साडीचं बोलणं दुर्गाबाईंनी इथून ऐकलं होतं. भास्कररावांनी आमच्या सुनेला परत केलेली साडी म्हणावं? या पोरीनं भरल्या डोळ्यांनी मुलीला आपल्या ओटीत टाकून शिफ्टबस पकडलेली दुर्गाबाईंनी रोज पाहिली होती. आणि कंपनी म्हणते, आम्हाला कुठं माहीत होतं?

"अजून मध."

"मध खूप झाला गं, बाळ," सरवटेताई म्हणाल्या.

"ताई! नाही म्हणायचं नाही," कल्पनानं टोकलं.

"मी नाही कुठं म्हटलं? खूप झाला म्हटलं."

वैष्णवी फिस्सकन हसली. कल्पना हसली. त्या हसण्यानंच दुर्गाबाईंच्या डोक्यात काहीतरी तडकलं. हिला हसू कसं येतं? दारात माझ्या सुनेला कवटाळते, सुकलीस म्हणते, आणि नवरा बाहेर तिच्या तोंडावर लेटर फेकतो!

"वन्सं," त्या म्हणाल्या, "मी तुम्हाला सांगितलं होतं."

कल्पनाचे हात थबकले.

"देवश्रीला दिवस गेलेत ते. दुसरा लागला तेव्हाच. नणंदेला आधी सांगावं, माहेरवाशिणीचा आशीर्वाद लागतो, म्हणून मीच फोन केला. टेकडीवर मातेची ओटी भरा म्हटलं, आणि तोंड बंद ठेवा म्हटलं."

दाराशी तांब्या खाली ठेवल्याचा आवाज झाला. दुर्गाबाईंनी तिकडे पाहिलं नाही. "हो, देवश्री. तू विचारलंस तेव्हा मी खोटं बोलले. तुझं तोंड बांधून ठेवलं आणि माझं उघडलं. त्याचं काय बोलायचं ते मला घरी बोल. आता वन्सं, तुम्ही सांगा. कोणाला सांगितलंत?"

"वहिनी, ही काय वेळ आहे? परक्या माणसांसमोर..."

"माझं लक्ष कालवण्यात आहे हो," सरवटेताई म्हणाल्या, आणि आणखी पुढे वाकल्या.

"त्या अर्पितला सांगितलंत का?"

कल्पनानं तोंड उघडलं आणि मिटलं. एक शब्द होता, तोच आजच्या दिवशी या परातीवर चालत नव्हता. तिच्या सासूनं तिला शिकवलेला नेम, आत्ताच तिनं सुनेला शिकवलेला. वैष्णवी सासूच्या तोंडाकडे बघत होती.

"अजून दही," चिऊ म्हणाली.

देवश्रीनं दही ओतलं. एक थेंबही बाहेर सांडला नाही.

"सांगितलं," कल्पना म्हणाली.

*

भास्कररावांना आतलं सगळं ऐकू येत नव्हतं, पण 'अर्पित' ऐकू आलं. ते उठून दारापाशी गेले.

"कल्पना! जरा बाहेर ये."

"हात बोडणात आहेत."

"मग तोंड बंद ठेव. कार्य करायला बसलात की पंचायत?"

दार ढकलणं शक्य नव्हतं. त्यांची आई असती तर नुसतं दाराशी उभं राहिल्याबद्दल तिनं झोडपलं असतं. ते तसेच परत आले आणि सोफ्याच्या कडेवर टेकले. तात्या आणि मयुरेश त्यांच्याकडेच बघत होते.

"बायकांचं काय ऐकायचं," भास्करराव म्हणाले.

पण आतून कल्पनाचा आवाज आता स्पष्ट येत होता. तिला मोठ्यानं बोलायची सवयच नव्हती. आज कुठून आला तो आवाज?

"सार्थकचं लग्न ठरलं तेव्हा ह्यांनी अर्पितला जेवायला बोलावलं होतं. तुपात बुडवलेले दाल-बाफले केले होते. मी वाढत होते. तो म्हणाला, भाभीजी, बधाई हो. माझ्या तोंडून निघून गेलं, भैया, हमारे यहाँ तो डबल खुशी है, आपके पीथमपुर वाली हमारी देवश्री को भी दूसरा होने वाला है. तो हसला. म्हणाला, अच्छा? मग तिचं कन्फर्म कधी, किती महिने झाले, सगळं विचारलं. मला वाटलं, आपलेपणानं विचारतोय! मी त्याला आणखी एक बाफला वाढला."

भास्कररावांनी डोळे मिटले. त्यापुढचं कल्पनाला माहीत नव्हतं. गेटपर्यंत सोडायला गेले तेव्हा अर्पित कारच्या काचेतून म्हणाला होता, "पोंक्षे जी, कन्फर्म होते ही मैडम छुट्टी पे. ऊपर क्या जवाब दूँ मैं? अपन तो फैमिली हैं, आप बुरा मत मानना." आणि त्यांनी काय केलं होतं? म्हणाले होते, "तुम देख लो, भिया." एवढंच. एका माणसाची भाकरी काढायला एवढंच लागतं. तेव्हापासून ते स्वतःला सांगत आले होते की आपण काहीच बोललो नाही.

"भास्करराव," तात्या म्हणाले, "तो माणूस या घरात जेवला होता?"

"तात्या, ऑफिसचे लोक जेवायला येतात."

"आणि तुम्ही तेव्हा पानावर होतात."

"होतो. म्हणजे काय, मी काढलं तिला? माझी रिटायरमेंट तोंडावर आलीय. एक शब्द बोललो असतो तर उद्या माझंही समाधानकारक नाही निघालं असतं."

"पण तुम्ही आम्हाला सांगत होतात की त्यांना माहीतच नव्हतं. दिवाळीत माझ्या घरी, माझ्या पानावर बसून सांगितलंत. माझ्या सुनेचंच चुकलं असेल, असं मी तुमच्या शब्दावर तिला म्हटलं. मी!" तात्यांचा आवाज चढला. असा तो फक्त कॉपी पकडल्यावर चढत असे. "पोरीला अंगठे धरायला लावले, आणि चोर माझ्या शेजारी बसून चकली खात होता!"

"तात्या, जपून बोला."

"जन्मभर जपूनच बोललो."

मयुरेश उठला होता. कुठे जायचं ते त्याला कळत नव्हतं. दाराकडे जाता येत नव्हतं, बाहेरही जाववत नव्हतं. "आतोबा," तो एवढंच म्हणाला, "मी तिला सारखं सांगतोय हो, आतोबांना त्रास नको. आजसुद्धा रस्ताभर सांगत आलो."

आतून चिऊचा आवाज आला. "पुरे."

*

कल्पनानं हात धुतले, पण साजूक तुपाचा वास जात नव्हता. परात झाकून वैष्णवीच्या हाती दिली, मागच्या अंगणातल्या गाईला घालायला सांगितली. वैष्णवी परात घेऊन थांबली.

"मम्मीजी, आपने सच बोला न," ती हळूच म्हणाली, आणि मग अडखळत मराठीत, "बरं केलंत."

दार उघडल्यावर समोर नवरा उभा होता.

"झालं समाधान? आता ऐक. हे घरातलं बोलणं, घरात राहील. कोणी विचारलं तर तुला काही आठवत नाही."

"मला बाफल्यांचं तूपसुद्धा आठवतंय."

"कल्पना, या घराचा हप्ता त्या कंपनीच्या पगारातून जातो."

"आणि तिच्या घरी काय, झाडावरून येतं?" कल्पनाला आपलाच राग आला आणि तो राग कुठे ठेवावा ते तिला कळेना. "मी ओटी भरली हो त्या पोरीसाठी. टेकडीच्या पायऱ्या चढून मातेला म्हटलं, हिचं सगळं नीट होऊ दे. आणि घरी येऊन, बाफला वाढता वाढता, त्या माणसाच्या हातात सुरी दिली. मला माहीत नव्हतं. तुम्हाला होतं. तिची नोकरी गेली तेव्हा तुम्हाला कळलं असणार, कशानं गेली. एवढे महिने माझ्याशेजारी झोपलात. एकदा तरी म्हणायचं होतं, कल्पना, तुझ्या जिभेनं घात केला."

"म्हणून काय झालं असतं?"

"मी तेव्हाच बोलले असते!"

भास्करराव आपल्या बायकोला पहिल्यांदाच बघत असल्यासारखे बघत होते.

देवश्री स्टुलावरून उठली. पोटावर हात धरून समोर आली. कल्पनाला वाटलं, आता ही बोलेल, आणि जे बोलेल ते ऐकून घ्यायचं. पण ती फार हळू आवाजात म्हणाली, "आत्या, वकीलबाईंना आत्ता फोन लावू? उद्या तुम्हाला भीती वाटेल. मला वाटते ना, मला माहितेय. रात्र गेली की माणूस मेल पाठवत नाही."

"देवू, निदान जेवणं तरी..." मयुरेशनं सुरुवात केली, आणि दुर्गाबाईंनी मान वळवून त्याच्याकडे पाहिलं. तो थांबला. मग खिशातून स्वतःचाच फोन काढून त्यानं नंबर लावला, स्पीकर सुरू केला आणि आत्यापुढे धरला. तिचे हात अजून ओले होते.

पानं मांडली होती. तात्या पाटावर न बसता भिंतीशी उभे राहिले. भास्करराव मात्र जाऊन आपल्या पानावर बसले. कोणी नाही तर आपण तरी कार्य नीट चालल्यासारखं वागावं, तसे.

फोनवर वकीलबाईंनी सगळं ऐकून घेतलं. मधे एकदाच विचारलं, "तुम्ही स्वतः अर्पितला सांगितलंत? तुमच्या तोंडानं? कोणाकडून ऐकलेलं नाही ना?"

"माझ्या तोंडानं."

"हे कोर्टात, शपथेवर सांगाल? त्यांचे वकील उलटसुलट विचारतील. नात्यातल्या आहात म्हणून खोटं बोलताय, म्हणतील."

"खोटं बोलायचं असतं तर सोपं होतं हो, बाई. गप्पच बसायचं होतं."

मग वकीलबाईंचा आवाज जरा बदलला. "एक सांगा. तुमचे मिस्टर त्याच कंपनीत आहेत. तुम्ही हे सांगताय, ते त्यांना माहीत आहे?"

कल्पनानं पानाकडे पाहिलं. नवरा मान खाली घालून रिकाम्या पानावरच्या मिठाकडे बघत होता. पाण्याचा तांब्या त्याच्या हाताशी होता, जेवणाआधीच्या चित्राहुती घालायच्या होत्या, आणि त्याचा हात काही पुढे होत नव्हता.

"समोरच बसलेत," ती म्हणाली. "पुरणपोळी वाढायचीय त्यांना. आधी तुम्ही लिहून घ्या, मग वाढते. घ्या, कल्पना भास्कर पोंक्षे, राहणार देवास."